मीठ बघायचा तुकडा

बाबांच्या उजव्या पायाच्या अंगठ्याशेजारच्या बोटाला चपलेचा पट्टा लागून जखम झाली आणि ती भरेना. बेळगावच्या डॉक्टरांनी बोट दाबून बघितलं, साखरेचा रिपोर्ट बघितला आणि सांगितलं, महिन्याभरानं परत या. तोवर साखर उतरली नाही तर हे बोट काढावं लागेल, आणि मग तासन् तास उभं राहायचं काम बंद.

परतीच्या बसमध्ये खानापूर आल्यावर बाबा माझ्याकडं वळले. मग म्हणाले, "बसून तळता येतंय काय गे?"

"आणि बोटाचं काय?" मी विचारलं.

"बोटं धा हाईत. गाडा एक हाय."

गाडा म्हणजे त्यांचा कबाबचा गाडा. रामनगरात, बेळगावहून गोव्याला जाणाऱ्या रस्त्याच्या कडेला, ट्रक थांबतात त्या पट्ट्यात. आमच्याकडं कबाब म्हणतात ते मसाला आणि पीठ लावून कढईत तळलेल्या कोंबडीच्या तुकड्यांना. कबाब सळईला लावून निखाऱ्यावर भाजतात, हे मला धारवाडला शिकायला गेल्यावर कळलं, आणि तिथं मी यावर वाद घातला होता. बाबा दुपार कलली की कढईपुढं उभे राहतात ते रस्ता थंडावेपर्यंत. आम्ही राहतो तिथून थोड्या अंतरावरच्या गावात. तिथली भातशेती आणि म्हशी आई बघते.

मी मोठी झाले ती गाड्यामागच्या बाकावर. कबाब बांधून द्यायला कागद लागतो. निवडणूक संपली, मोर्चा झाला, सभा उरकली की उरलेली पत्रकं आमच्या गाड्यावर आणून टाकायची लोकांना सवय होती. एकाच पक्षाची नाहीत, सगळ्यांची. बाबा मराठीचा एक गठ्ठा करत आणि कन्नडचा दुसरा, कारण गिऱ्हाईक वाचतं हे त्यांना माहीत होतं. मी त्या गठ्ठ्यांवर वाचायला शिकले. त्यामुळं मला गोष्टींच्या आधी मागण्या वाचता यायला लागल्या. 'आम्ही अशी मागणी करतो की' इथपर्यंत मला पाठ होतं. पुढचं बहुतेक वेळा तेलानं पारदर्शक झालेलं असे.

पुढं मी स्वतःच पत्रकं लिहायला लागले. कॅसलरॉकला अमुक गाडी थांबवा म्हणून, बाजारकुणंगकडं संध्याकाळची बस सोडा म्हणून, जंगलातल्या वाड्यांना पावसात टिकेल असा रस्ता द्या म्हणून. पत्रकाला एक कागद असतो आणि त्याला दोन बाजू. त्यात 'पण' या शब्दाला जागा नसते. हे मला आवडायचं. अजूनही आवडतं.

अशाच एका पत्रकासाठी मी ब्रॉयलर कोंबड्यांची माहिती गोळा केली. पिल्लू कंपनीचं, खाद्य कंपनीचं, औषध कंपनीचं, वाढलेली कोंबडीही कंपनीची. मेली तर मात्र ती शेतकऱ्याची. हे लिहून झाल्यावर ती कोंबडी खाणं शक्य नव्हतं. मी खाणं सोडलं आणि घरात तसं जाहीर केलं.

"गावठी खाशील?" आईनं विचारलं.

"गावठी खाईन."

"गावठी हाय कुठं? हुती ती मुंगसानं नेली."

त्यामुळं मी काहीच खात नाही. ज्या कोंबडीविरुद्ध मी लिहिलं ती तळूनच माझी कॉलेजची फी भरली गेली होती, हे त्यांनी त्या दिवशी म्हटलं नाही आणि नंतरही नाही. उरलेली पत्रकं नेहमीसारखी गाड्यावर गेली आणि त्यात कबाब बांधले गेले.

डॉक्टरांनी बाबांना विचारलं होतं, काय काय खाता. बाबांनी सगळं खरं सांगितलं. रात्रीचा भात सोडलाय. नाचण्याची भाकरी, तीही एकच. चहा बिनसाखरेचा. आईनं भर घातली, "घरी आल्यावर धड जेवत बी न्हाईत, डॉक्टर. अर्धी भाकरी ताटात तशीच ऱ्हातीया." डॉक्टरांनी रिपोर्ट पुन्हा वर उचलून बघितला. असं जेवणाऱ्या माणसाच्या रक्तात ही साखर येते कुठून, ते त्यांना कळेना. आम्हालाही कळेना. आईचा संशय चहावर होता. "तुमी कुणाच्यात तर गोड चा पिऊन येतासा," ती म्हणाली. बाबांनी देवाची शपथ घेतली. आईनं त्यांना गाड्याची घ्यायला लावली. तीही त्यांनी घेतली.

म्हणून मी एका संध्याकाळी जाऊन त्या जुन्या बाकावर बसले. लहानपणापासून मी हे बघत आले होते, तरी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं म्हणायला हरकत नाही.

परातीत मसाला लावलेलं मांस. शेजारच्या पातेल्यात कॉर्नफ्लॉवर, मैदा आणि थोडं तांदळाचं पीठ अंड्यात कालवलेलं. बाबांनी एक तुकडा पिठात बुडवून तेलात सोडला, झाऱ्यानं काढला, फुंकला, मोडला आणि तोंडात टाकला. चावताना ते रस्त्याकडं बघत होते. मग थोडं मीठ पातेल्यात, थोडं परातीत. पुन्हा एक तुकडा. याला आमच्याकडं मीठ बघणं म्हणतात. नवी परात आली की मीठ बघायचं. पीठ नव्यानं कालवलं की बघायचं. कुणी जास्त तिखट मागितलं, मिरची वाढवली, की बघायचं. मधेच तेलात सुटलेला कुरकुरीत चुरा झाऱ्यावर येतो, तोही तोंडात जातो, कारण तेल कडवट झालं की पहिल्यांदा चुऱ्यात कळतं. थोड्या वेळानं मी मोजणं सोडून दिलं.

"बाबा, किती खाल्लंत?"

"कुठं खाल्लं?"

"आत्ता तोंडात काय हाय?"

"मीठ बघितलं."

"ते खाणं न्हवं?"

"ते काम." त्यांना माझा प्रश्नच कळला नव्हता. "खायाचं म्हंजे बसाय लागतंय, ताट लागतंय. उभ्यानं कोण खातंय?"

म्हणजे डॉक्टरांना त्यांनी खोटं सांगितलं नव्हतं. शपथही खरी होती. घरी भाकरी का उरते, तेही मला तिथंच कळलं.

गाड्यापुढं एक ड्रायव्हर उभा होता. हुबळीहून गोव्याला माल नेणारा, बऱ्याच वर्षांचा ओळखीचा. बाबांना तो अण्णा म्हणतो. तो हसायला लागला. "अण्णा, पोरगी चौकशीला आलीया व्हय?"

"तिला सांग," बाबा म्हणाले, "मीठ न बघता दिलं तर खाशील काय?"

"न्हाई खाणार," ड्रायव्हर मला म्हणाला. "बाय, तुझा बा सोता खातोय ते बघूनच मी हितं गाडी लावतोय. फुडच्या गाड्यावरचा मालक सोताचं खाईत न्हाई. का खाईत न्हाई, ते त्याचं त्याला ठावं."

आपण तोंडात न घातलेलं दुसऱ्याला द्यायचं नाही, हे बाबांनी कुठं लिहून ठेवलेलं नव्हतं. पण माझ्या कुठल्याही पत्रकापेक्षा ते जास्त पाळलं जात होतं, आणि त्यातूनच त्यांचं बोट जाणार होतं.

ड्रायव्हर गेल्यावर मी म्हणाले, "दुसरं कुणी तर बघू दे मीठ."

"कोण बघणार?"

"मी बघते."

त्यांनी झारा कढईच्या काठाला टेकवला. "तू कोंबडी सोडलीस न्हवं?"

"मीठ बघण्यापुरतं खाल्लं तर—"

"तर ते खाणं न्हवं, ते काम. असंच म्हणणार न्हवं?" त्यांचं तोंड कढईकडंच होतं. "सोडलं म्हंजे सोडलं. माझ्या बोटापायी तुझं तोंड बाटवू नको."

"मग आई?"

"तुझ्या आईला अळणी चालतंय. तिच्या हातची आमटी खातीस की रोज."

राहता राहिला एकच मार्ग. मीठ बाबाच बघणार, तर मीठ बघायच्या तुकड्याला पीठ असता कामा नये.

घरी येऊन मी फोनवर शोधलं. यालाच लो-कार्ब फ्राइड चिकन म्हणतात. हा शब्द मला अजून आवडत नाही. पिढ्यान्‌पिढ्या पोट भरलेलं असल्याशिवाय असला शब्द सुचत नाही. आमच्या तालुक्यात जेवलास का असं विचारायचं तर भात झाला का असं विचारतात. भात झाला नसेल तर बाकी काहीही झालेलं असो, तो माणूस उपाशी धरला जातो. तिथं भाताला शत्रू ठरवणारा शब्द बोलायचा म्हणजे जीभ जड होते. पण महिन्यातले दिवस जात होते, आणि बोट भाषेचं नव्हतं, बाबांचं होतं.

फोनवर सांगितलेलं सामान असं होतं, की त्यातलं निम्मं मी पाहिलेलंसुद्धा नव्हतं. बदामाचं पीठ त्यातल्या त्यात ओळखीचं वाटलं म्हणून ते मागायला मी रामनगरच्या किराणा दुकानात गेले.

"बदाम हाईत," दुकानदार म्हणाला. "पीठ तुमीच करा. कोण बाळंत झालंय?"

"कबाबाला लावायचंय."

त्यानं दुकानातल्या बाकीच्या दोघांकडं बघितलं. "मग काजू बी लावा. वरून केसर टाका."

मी तीळ, शेंगदाणे आणि सुकं खोबरं घेऊन घरी आले.

बाबा सकाळी रामनगरातून मांस घेऊन आले की गाड्यावर न्यायच्या आधी त्यातले थोडे तुकडे घरी ठेवत. मी स्वयंपाकघरात तळायला बसे. न खाणाऱ्यानं तळायचं म्हणजे कानावर काम करायचं. ओला तुकडा तेलात पडला की फटफट उडतो. शिजत आला की आवाज बारीक होतो. चव बाबा सांगायचे.

पहिल्यांदा मी नुसतं अंडं लावलं. ते तुकड्यावरून घसरलं आणि तेलात वेगळं तळलं गेलं. कढईतून एकीकडं मांस निघालं, दुसरीकडं ऑम्लेट. बाबांनी दोन्ही खाल्लं. "हे काय मीठ बघायचं न्हवं," ते म्हणाले, "हे न्ह्यारीचं."

मग खोबरं लावलं. खोबरं मांसाच्या कितीतरी आधी करपतं हे मला कळायला हवं होतं. वरून कोळसा आणि आत हाडाजवळ लाल. आई दारातून बघत होती. म्हशीला आंबोण द्यायची बादली तिच्या हातात तशीच होती. "तेल कमी तापव की गे. काय करूलालीस? लोखंड तापवतीस काय?"

पुढच्या वेळी मी तीळ आणि शेंगदाण्याचं जाडसर कूट घेतलं. आच कमी केली. निम्मं कूट सुटून तेलाच्या तळाशी बसलं. तीळ आपले घरभर उडाले. दुसऱ्या दिवशी ते बाबांच्या बनियनवर सापडले.

त्यानंतर मला पत्रकाच्या कामासाठी दोन दिवस कॅसलरॉकला जावं लागलं, म्हणून आई म्हणाली, मी करून बघते. मी परत आले तेव्हा ताटलीत तुकडे मांडून ठेवले होते. सगळीकडून सारखं, घट्ट कवच. सोनेरी. बाबा खात होते आणि कुरुम कुरुम आवाज अंगणापर्यंत येत होता.

"जमलं तुझ्या आईला," ते म्हणाले. "ह्याच्यावर मीठ कळतंय. बराबर कळतंय."

मला आनंद झाला. थोडासा रागही आला, तो कशाचा होता ते सांगता येणार नाही. दोन तासांनी आम्ही हाताचं बोट टोचून मशीनवर साखर बघितली. मशीन चढं दाखवत होतं. त्या दिवशी त्यांनी दुसरं काही खाल्लं नव्हतं.

"आई, यात काय घातलंस?"

"तूच सांगितलीस ते. तीळ, कूट, अंडं."

"आणि?"

"आणि काय न्हाई."

"काहीतरी हाय. हे धरलंय."

"धरंना म्हणून जरा पीठ लावलं."

"कसलं पीठ?"

"तांदळाचं." मग माझ्या तोंडाकडं बघून ती म्हणाली, "अगं, ते आपलं हाय. शेतातलं. पॉलिश बी केलेलं न्हाई. त्यात कुठली आलीया साखर? साखर त्या पाकिटातल्या पिठात असतीया. तूच म्हणालीस न्हवं, कंपनीचं पांढरं पीठ नको म्हणून?"

मी म्हणाले होते. मी इतकंच म्हणाले होते. कॉर्नफ्लॉवरचं पाकीट हातात धरून, त्याच्यावरची बारीक अक्षरं वाचून दाखवत म्हणाले होते. घरचा तांदूळ त्यात येतो, हे मला सांगावं लागेल असं वाटलं नव्हतं, आणि खरं तर मलाही ते फार मनापासून पटलेलं नव्हतं. आजार बाहेरून येतो, पाकिटातून येतो, कंपनीतून येतो, हे लिहायला सोपं जातं. आपल्या बांधाच्या आतून येतो हे लिहायला वेगळा कागद लागतो.

आईनं ते मशीन उचललं, उलटं करून बघितलं आणि खाली ठेवलं. मशीननं आमच्या शेताला शिवी दिली असावी तसं. "हे शेत तुमच्या बानं जंगल तोडून केलेलं," ती बाबांना म्हणाली. "त्यातलं खाऊन कुणाला काय झालं न्हाई आजवर."

"त्यो दिवसभर नांगर ओढायचा," बाबा म्हणाले. "मी झारा हलवतोय."

एवढंच बोलणं झालं. दुसऱ्या दिवशी आईनं दुपारचा भात टाकला तो तिच्यापुरता आणि माझ्यापुरता.

पुढच्या तुकड्यांसाठी मी पुन्हा कढईपुढं बसले. पीठ नको असेल तर तुकडा कोरडा हवा, एवढं आता कळलं होतं. सुटलेल्या पाण्यामुळंच काही धरत नव्हतं. म्हणून मी मांसाला आधी नुसतं मीठ चोळून चाळणीत ठेवलं. मिठानं पाणी सुटलं आणि खालच्या भांड्यात गळलं. तासाभरानं तुकडे धुतलेल्या पंच्यानं टिपले. मग आलं, लसूण, मिरची यांचं घट्ट वाटण, अगदी थोडं, नुसतं चोपडण्यापुरतं. त्यावर फेटलेलं अंड्यातलं पांढरं. तीळ आणि कूट ताटात पसरून तुकडे त्यात दोन्ही बाजूंनी दाबले आणि लगेच न तळता थोडा वेळ तसेच ठेवले. तुकडेही लहान केले, म्हणजे तीळ काळे पडायच्या आत मांस शिजेल.

तेलात सोडल्यावर फटफट झालं नाही. बारीक, एकसारखा आवाज आला आणि तसाच राहिला.

बाबांनी एक तुकडा चावला. बराच वेळ चावला. आई आणि मी उभ्या.

"कबाब न्हवं हे," ते म्हणाले.

"न्हाईच."

"पर खोटं बी न्हाई." दुसरा उचलला. "मीठ मांसात गेलंय. आतपर्यंत."

दोन तासांनी मशीनवर आकडा फारसा चढला नाही, तसं आईनं ते खाली ठेवलं. तिनं बाबांचं टोचलेलं बोट पदरानं पुसलं.

मला वाटलं, झालं. बाबांना तसं वाटत नव्हतं. गाड्यावर जायची वेळ झाली तरी ते उठेनात. "हे हितं ठीक हाय," ते म्हणाले. "गाड्यावर मीठ दोन ठिकाणी असतंय. मांसात एक, पिठात एक. ह्यो तुकडा खाऊन मला मांसातलं कळंल. पिठातलं कोण सांगणार?"

"अंदाजानं घाला."

"अंदाजानं मी दुसऱ्याच्या तोंडात घालू?"

मी चिडले. एका माणसाचं बोट वाचत असेल तर चिमूटभर मिठाचा अंदाज चालवून घ्यायला काय हरकत आहे, असं बरंच काही बोलले. बाबा ऐकून घेत होते. माझं पत्रक ऐकताना ते जसे बसतात तसेच बसले होते, पाय लांब करून. जखमेचं बोट पट्टीत होतं. मी बोलायची थांबल्यावर ते म्हणाले, "तू कोंबडी सोडलीस तवा तुला कुणी म्हणालं काय, अंदाजानं सोड म्हणून?"

मग आम्ही दोघंही त्या चाळणीकडं बघत बसलो. तिच्याखालच्या भांड्यात गळलेलं गुलाबी पाणी होतं. सगळं मीठ मांसातच गेलं होतं. वरच्या तिळाला मीठ लावलेलंच नव्हतं, आणि तरी त्यांना तुकडा अळणी लागला नव्हता.

"पिठात मीठ घातलंच न्हाई तर?" मी म्हणाले.

"कवच अळणी लागंल."

"हे लागलं?"

ते उठले. चपला घातल्या. जाताना चाळणी घेऊन गेले.

त्या दिवसापासून गाड्यावरची रीत बदलली. सगळं मीठ मांसाला, ते आधीच चोळून, पाणी काढून. पीठ नुसतं, बिनमिठाचं, शेवटी पातळ लावलेलं. सुरुवातीचे काही दिवस ते गिऱ्हाइकांच्या तोंडाकडं बघत राहिले. मीठ कमी आहे असं कुणी म्हणालं नाही. एकजण म्हणाला की आज मसाला जास्त लागलाय. आई सकाळी तीळ आणि कूट एका डब्यात भरून देते. नवी परात आली की बाबा त्यातला एक लहान तुकडा उचलतात, डब्यात दोन्ही बाजूंनी दाबतात, बाकीच्यांच्या आधी तळतात आणि खातात. चुरा तोंडात टाकायची सवय मात्र जात नव्हती. त्यांनी झारा डाव्या हातात घ्यायला सुरुवात केली. उजव्या हाताची वाट चुकावी म्हणून.

महिन्यानं आम्ही बेळगावला गेलो. डॉक्टरांनी पट्टी सोडून बोट बघितलं. कडा गुलाबी झाल्या होत्या. साखर त्यांना हवी तेवढी उतरली नव्हती, पण उतरली होती. ते म्हणाले, तूर्त बोट राहू दे, पुन्हा महिन्यानं दाखवा. काय बदललं, असं त्यांनी विचारलं. मी सांगायला सुरुवात केली, पण बाबांनी मला थांबवून आपला प्रश्न विचारला.

"उभा ऱ्हाऊ काय?"

"मधे मधे बसा," डॉक्टर म्हणाले. "एक स्टूल ठेवा."

स्टूल आलं. बाबा त्याच्यावर बसत नाहीत, त्याला टेकतात.

यावर एक पत्रक काढावं असं माझ्या मनात आलं होतं. रस्त्यावर आयुष्य घालवणाऱ्या माणसांना, ड्रायव्हर, क्लीनर, सगळ्यांना हा आजार असतो आणि त्यांच्यासाठी असं काहीतरी मिळायला हवं, असं. मी मजकूरही केला. बाबांनी तो वाचला, घडी घातली आणि खिशात ठेवला. "गाड्यावर बोर्ड नको," म्हणाले. "शुगर हाय म्हणून चारचौघांत कोण मागणार? कबाब मागायला आलेला माणूस कबाबच मागतोय."

परवा मी गाड्यावर गेले होते. तो हुबळीवाला ड्रायव्हर उभा होता. बाबांनी नवी परात घेतली, एक तुकडा डब्यात दाबला, तळला, फुंकला. ड्रायव्हर बघत होता.

"अण्णा, हे तीळ लावलेलं काय?"

"मिठाचा तुकडा."

"मला दे की एक."

"ते विकायचं न्हाई."

"का? सोता खातोस आणि आमाला देत न्हाईस? आता मला फुडच्या गाड्यावर जायाला लागतंय."

तो हसत होता, पण हात पुढं केलेला होता आणि तो त्यानं मागं घेतला नाही. बाबांनी त्याच्या पायाकडं बघितलं. मीही बघितलं. दोन्ही पायांत चपला होत्या. त्यातल्या एकाच पायात मोजा होता, घोट्यापर्यंत ओढलेला, आणि त्या चपलेचा पट्टा कापून सैल केलेला होता.

बाबांनी परातीतून आणखी तुकडे घेतले, डब्यात एकेक करून दाबले, थोडा वेळ तसेच राहू दिले. ड्रायव्हरला घाई असावी, पण तो थांबला. तळून झाल्यावर बाबांनी ते कागदात बांधले नाहीत. ताटलीत घातले.

"उभ्यानं खाऊ नको," ते म्हणाले, आणि पायानंच स्टूल त्याच्याकडं सरकवलं.